एनव्हीएमई एन्क्लोजर आणि १ टीबी एसएसडी: बाहेरच्या ड्राइव्हवरून गेम खेळायचे तर हे घ्या, नुसती हार्ड डिस्क नको

आधी निकाल सांगतो, म्हणजे ज्यांना घाई आहे ते इथूनच कटू शकतील. एक्स्टर्नल ड्राइव्हवर गेम टाकून तिथूनच खेळता येतात, मस्त चालतात, फक्त ड्राइव्ह एसएसडी (आत काही न फिरणारी, चिपवाली) पाहिजे, पोर्ट यूएसबी ३ चं पाहिजे आणि केबल ढिली नको. घरात जुनी फिरणारी हार्ड डिस्क पडली असेल तर फेकू नका, तिचाही उपयोग आहे, पण तिच्यावर रेड डेड खेळायला बसलात तर घोडा पुढं आणि रस्ता मागनं येतो.

माझा लॅपटॉप ५१२ जीबीचा. विंडोज त्याला ४७६ म्हणतं, त्यातनं विंडोज स्वतः, ऑफिसचं सामान, लग्नापासूनचे फोटो हे सगळं वजा केलं की गेमला दीडशेच्या आसपास उरतात. आणि आजकाल गेमचं पोट बघा, रेड डेड रिडेम्प्शन २ ला १५० जीबी, बाल्डर्स गेट ३ ला १५०, स्टारफील्डला १२५, अहो काउंटर स्ट्राइक २ सारखा फुकटातला गेमसुद्धा ८५ मागतो. म्हणजे एक ठेवायचा तर दुसरा उडवायचा, आणि महिन्याभरानं परत खेळावासा वाटला की पुन्हा पहिल्यापासून डाउनलोड. ४० एमबीपीएसच्या कनेक्शनवर १५० जीबी म्हणजे सव्वाआठ तास, ते पण मधे लाईट गेली नाही आणि घरात दुसऱ्या कोणी काही बघितलं नाही तर. लॅपटॉपमध्ये एम.२ चा, म्हणजे पट्टीसारखी एसएसडी बसते तो स्लॉट एकच, आतली काढून मोठी घालायची तर विंडोज क्लोन, म्हणजे जसंच्या तसं कॉपी करत बसा. त्यापेक्षा बाहेरून लावू म्हटलं.

घेतलं काय तर १ टीबीची एनव्हीएमई (नव्या, वेगवान प्रकारची) एसएसडी, च्युइंगमच्या पट्टीएवढी असते ती, आणि तिला घालायला ॲल्युमिनियमचं एन्क्लोजर, म्हणजे यूएसबीनं जोडायची डबी, १० जीबीपीएसवालं, आत रिअलटेकची आरटीएल९२१०बी चिप. ब्रँडचं नाव मुद्दाम लिहीत नाही कारण या डबीत ब्रँडपेक्षा चिप बघायची असते, एकाच चिपवर पन्नास नावांच्या डब्या विकल्या जातात. ही चिप एनव्हीएमई पण घेते आणि साटावाली (जुन्या, हळू प्रकारची) एम.२ पण घेते, त्यामुळे पुढं-मागं घरात जुनी साटा पट्टी निघाली तरी वाया जात नाही. तपकीर गल्लीत दुकानदारानं पहिला प्रश्न हाच केला, "साहेब, पट्टी एनव्हीएमई का साटा?" मी म्हटलं "काका, दोन्ही चालणारी द्या," तर म्हणाले "मग ही घ्या, पण केबल वेगळी चांगली घ्या, आतली केबल आपली नुसती नावाला असते." त्या माणसाचे उपकार आहेत माझ्यावर, पुढं सांगतो का ते.

तयार एक्स्टर्नल एसएसडी का नाही घेतली असं विचारणार तुम्ही. सॅमसंग टी७ सारखी घेतली तर काहीच डोकं लावावं लागत नाही, १०५० एमबी पर सेकंदचा आकडा कंपनी देते, ३ वर्षांची वॉरंटी आहे, खिशात घाला आणि चला. ज्यांना स्क्रू ड्रायव्हर बघितला की घाम फुटतो त्यांनी तीच घ्यावी. माझा हिशोब वेगळा होता. उद्या लॅपटॉप बदलला किंवा याच लॅपटॉपमध्ये मोठी पट्टी घालायची ठरली तर एन्क्लोजर उघडून तीच पट्टी आत टाकता येते, आणि आतली ५१२ ची निघेल ती या डबीत. तयारवाली फोडून असं सहसा करता येत नाही.

जोडणी पाच मिनिटांची. थर्मल पॅडची (उष्णता बाहेर नेणारा मऊ तुकडा) वरची प्लास्टिकची पापुद्रा काढायची, पट्टी तिरकी आत सरकवायची, खाली दाबायची, टोकाला रबराची खुंटी, झाकण सरकवून बंद. ती पापुद्रा काढायचीच बरं का, पारदर्शक असते, दिसत नाही, आणि ती राहिली तर पॅड असून नसल्यासारखं.

आता हार्ड डिस्कबद्दल, कारण बहुतेक लोक तिथूनच सुरू करतात. माझ्याकडं २ टीबीची पोर्टेबल आहे, ती रुंद चपट्या पिनची केबल असते ना तसली. आत प्लेट फिरते मिनिटाला ५४०० वेळा आणि एक डोकं इकडून तिकडं पळत डेटा शोधतं. सलग एकच मोठी फाइल वाचायची असेल, पिक्चर वगैरे, तर १०० ते १३० एमबी पर सेकंद आरामात देते, काही तक्रार नाही. गेमचं तसं नसतं. मोकळ्या जगात फिरायचा ओपन वर्ल्ड गेम म्हणजे शंभर ठिकाणचे छोटे छोटे तुकडे एकाच वेळी मागणार, इथलं झाड, तिथलं घर, त्या माणसाचा आवाज, आणि ते डोकं बिचारं धावून धावून दमतं. अशा विखुरलेल्या वाचनात हीच हार्ड डिस्क १ एमबी पर सेकंदच्या आसपास येऊन पडते. मग काय होतं, गाडी जोरात पळवली की रस्ता मेणासारखा गुळगुळीत दिसतो, दोन सेकंदांनी त्यावर डांबर येतं. संवाद सुरू होतो, ओठ हलतात, आवाज नाही.

यापेक्षा डोकं फिरवणारा प्रकार वेगळाच. बॅलन्स्ड पॉवर प्लॅनमध्ये विंडोज काही वेळ वापर नसला की हार्ड डिस्क बंद करतं. तुम्ही गेममध्ये एकाच खोलीत बसून सामानाची यादी चाळताय, वीस मिनिटं ड्राइव्हला कोणी हाक मारली नाही, ती झोपली. मग तुम्ही दार उघडता आणि गेम गोठतो, एकदम पुतळा, टेबलावरच्या डब्यातून आधी टक असा आवाज, मग घूं करत प्लेट फिरायला लागते, चार-पाच सेकंदांनी दार उघडतं. लोकांना वाटतं ग्राफिक्स कार्ड गेलं. पॉवर प्लॅनच्या ॲडव्हान्स्ड सेटिंगमध्ये हार्ड डिस्क बंद करण्याची वेळ शून्य करा आणि यूएसबी सिलेक्टिव्ह सस्पेंड बंद करा, बऱ्यापैकी सुटतं. काही ड्राइव्ह मात्र स्वतःच्या मर्जीनंच झोपतात, त्यांना कोण काय करणार.

आणि अपडेट! बाजारातल्या २.५ इंची पोर्टेबल हार्ड डिस्क बऱ्याचशा एसएमआर पद्धतीच्या असतात, म्हणजे डेटाच्या पट्ट्या कौलांसारख्या एकमेकींवर चढवून लिहिलेल्या. मधली एक पट्टी बदलायची तर पुढच्या पण उचलून परत लिहायला लागतात. स्टीमचा (गेम विकणारं आणि उतरवून देणारं ॲप) अपडेट बघितलाय ना, डाउनलोड २ जीबीचाच असतो पण तो गेमच्या ६० जीबीच्या फाइली उघडून त्यात इकडं तिकडं टाके घालतो. नेट मोकळं बसलेलं, डाउनलोड संपलेलं, आणि खाली डिस्क १०० टक्के, वेग १०-१५ एमबी. रविवारी दुपारी जेवून खेळायला बसावं आणि पॅचिंग पॅचिंग करत चहाची वेळ यावी. हे प्रकरण फुल स्पीडच्या नेटवाल्याला पण चुकत नाही, उलट त्यालाच जास्त चिडचिड होते.

मग एसएसडीवर काय फरक? जीटीए ५ चा स्टोरी मोड हार्ड डिस्कवर दीड-दोन मिनिटं ढगच दाखवतो, एसएसडीवर अर्ध्या मिनिटाच्या आसपास आत. विचर ३ मध्ये एका गावातून दुसऱ्या गावात उडी मारली की मोबाइल हातात घ्यायची सवय लागली होती, ती गेली. सायबरपंक २०७७ ला तर २.० अपडेटपासून एसएसडी सक्तीचीच केलीय, स्टारफील्ड आणि बाल्डर्स गेट ३ ला पण पाहिजेच, हे यूएसबीवरच्या एसएसडीवरून निवांत चालतात, एफपीएसमध्ये, म्हणजे सेकंदाला दिसणाऱ्या चित्रांत, आतल्या ड्राइव्हपेक्षा काही कमी-जास्त मला तरी दिसलं नाही. एफपीएस ग्राफिक्स कार्डाचं काम आहे, ड्राइव्हचं नाही, त्यामुळे एसएसडी घेतली म्हणून ४० चे ६० होतील या आशेवर कोणी पैसे घालू नका.

सगळं लोडिंग डिस्कमुळंच असतं असंही नाही हां. जीटीए ऑनलाइन आठवतंय का, कितीही भारी एसएसडी घाला, सहा मिनिटं गेलीच म्हणून समजा. २०२१ मध्ये एका प्रोग्रॅमरनं स्वतःच खणून काढलं की गेम १० एमबीची एक यादी इतक्या येड्यासारखी वाचत होता की सगळा वेळ प्रोसेसरच्या एका कोअरवर जात होता. त्यानं लोडिंग सत्तर टक्क्यांनी कमी करून दाखवलं, गेम बनवणाऱ्या रॉकस्टारनं तो बदल घेतला आणि त्याला १० हजार डॉलर दिले. डिस्कचा संबंधच नव्हता.

पोर्टचं बोलू. बॉक्सवर १० जीबीपीएस, म्हणजे प्रत्यक्षात हजार एमबी पर सेकंदच्या आसपास, पण ते तुमच्या लॅपटॉपचं पोर्ट तेवढं असेल तर. जुन्या निळ्या यूएसबी ३.० ला ५ जीबीपीएस, तिथं ४००-४५० मिळतात. गंमत अशी की गेम खेळताना या दोन्हींत फरक जाणवत नाही म्हटलं तरी चालेल, फरक जाणवतो तो गेम कॉपी करताना. पण चुकून यूएसबी २ मध्ये घातली तर ३५-४० एमबी, मग एसएसडी घेऊन हार्ड डिस्कपेक्षा वाईट हाल. आणि पुष्कळ वेळा पोर्ट बरोबर असतं, केबल मोबाइल चार्जिंगची असते, ती टाइप-सी दिसते पण आतनं यूएसबी २. ड्राइव्हचा वेग मोजणारं क्रिस्टलडिस्कमार्क फुकट आहे, एकदा चालवा, चाळीसच्या आसपास आकडा आला तर आधी केबल बदला, दुकानदाराला शिव्या नंतर.

आता काकांचे उपकार. डबीतली आखूड केबल लावून बघितली, लॅपटॉप थोडा सरकवला की ड्राइव्ह गायब होऊन परत येणार, टिडिंग टुडुंग, आणि गेम जागच्या जागी बंद. आतला ड्राइव्ह असं कधी करत नाही म्हणून गेमला अशा वेळी काय करायचं ते माहीतच नसतं, एरर वगैरे सभ्यपणे देत नाही, सरळ डेस्कटॉपवर आणून आपटतो. दुसरी केबल लावली, विषय संपला. एनव्हीएमई पट्ट्या कॉपी वगैरे चालू असताना करंट पण जास्त ओढतात, आणि साध्या यूएसबी ३.० पोर्टला ५ व्होल्टवर ९०० मिलीअँपचाच नियम, म्हणजे साडेचार वॉट. त्यामुळे टाइप-सी पोर्ट असेल तर तेच वापरा, आणि ते स्वस्तातले बिनपॉवरचे हब मधे घालू नका. गेम चालू ठेवून लॅपटॉपची झाकण मिटून पण जाऊ नका, स्लीपमध्ये पोर्टचा करंट गेला की परत आल्यावर गेम मेलेला असतो.

गरम होते का? होते. सलग १०० जीबी कॉपी केलं पुण्यातल्या एप्रिलमध्ये तर डबीला हात लावून ठेवता येत नाही. खेळताना नुसतं वाचनच चालतं, तेव्हा कोमट. पट्टी फारच तापली की स्वतःच वेग कमी करते, जळत वगैरे नाही, फक्त ती गादीवर, उशीखाली ठेवू नका. स्वस्त पट्टीत अजून एक, सुरुवातीचे काही जीबी भराभर लिहिते आणि मग कॅश (आतली तात्पुरती वेगवान जागा) भरली की एकदम बसते, १०० जीबीचा गेम हलवताना शेवटी शेवटी वेग पार पडलेला दिसेल. तो काय फॉल्ट नाही, खेळताना त्याचा त्रास नाही.

सेटअपमध्ये एकच काम मन लावून करा. ड्राइव्ह एनटीएफएसमध्ये (विंडोजची फाइली मांडायची पद्धत) फॉरमॅट करा. तयार ड्राइव्ह बऱ्याचदा एक्सफॅटमध्ये येतात, मॅकला पण चालावं म्हणून, पण मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ॲपला एनटीएफएसच लागतं. आणि एक्सफॅट मोठ्या ड्राइव्हवर १२८ केबीचे कप्पे पाडतं, म्हणजे दोन केबीची फाइल पण १२८ ची जागा अडवून बसणार, ज्या गेममध्ये हजारो बारक्या फाइली असतात तिथं विनाकारण जीबीच्या जीबी जातात. मग डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन तिला जी किंवा एक्स असं लांबचं अक्षर द्या, नाहीतर एक दिवस आधी पेन ड्राइव्ह लावला म्हणून तिचं अक्षर बदलतं आणि गेम सुरू करणारा लाँचर म्हणतो गेमच नाही.

स्टीम यात सगळ्यात शहाणं आहे. सेटिंग्जमध्ये स्टोरेज, तिथं ड्राइव्ह ॲड करायची, ते स्वतः फोल्डर बनवतं, आणि आधीचे गेम निवडून मूव्ह केले की झालं, परत डाउनलोड नाही. ड्राइव्ह काढलेली असेल तर गेम अनइन्स्टॉल झाल्यासारखे दिसतात, घाबरायचं नाही, लावून स्टीम बंद-चालू केलं की येतात. एपिकच्या गेम स्टोअरला थोडं गंडवायला लागतं, फोल्डरचं नाव बदलायचं, त्याच जागी इन्स्टॉल सुरू करायचं, एक-दोन टक्के झाले की थांबवायचं, जुन्या फाइली त्यात ओतायच्या आणि परत सुरू, मग ते तपासून म्हणतं अरे हे तर आहेच. जीओजी या ऑनलाइन दुकानाचे गेम म्हणजे सोनं, डीआरएम (कॉपीला लावलेलं कुलूप) नाही, इन्स्टॉलर उतरवून ठेवा आणि नेट नसतानाही कुठंही बसवा.

ड्राइव्ह घेऊन दुसरीकडं खेळायचा बेत असेल तर हे वाचाच. विट्याला मामेभाऊ आहे, त्याच्याकडं डेस्कटॉप बरा आहे पण नेट मोबाइलचं, दिवसाला दोन जीबी. दिवाळीला जाताना ड्राइव्ह नेली. त्याचं म्हणणं, "दादा, लावली की सुरू ना डायरेक्ट?" डायरेक्ट नाही. स्टीममध्ये तुमचंच अकाउंट लागतं, लॉगिन एकदा नेटवर करायला लागतं, मग लायब्ररी ॲड केली की गेम ओळखतो, पहिल्या वेळी व्हिज्युअल सी++, डायरेक्टएक्स असलं काहीबाही बसवतो, शेडर (ग्राफिक्सचे छोटे प्रोग्रॅम) नव्यानं बनवतो, त्यात दहा मिनिटं जातात. आणि सेव्ह फाइल ड्राइव्हवर नसतात! त्या बहुतेक गेममध्ये सी ड्राइव्हच्या डॉक्युमेंट्स नाहीतर ॲपडेटामध्ये बसतात. क्लाउड सेव्ह असेल तर ती नेटवरनं येते, नसेल तर निघायच्या आधी तो फोल्डर ड्राइव्हवर हातानं कॉपी करा, नाहीतर ६० तास खेळलेला रेड डेडचा आर्थर मॉर्गन घरीच राहतो आणि तिथं बर्फात पहिल्यापासून सुरुवात. एक्सबॉक्स ॲपचे गेम असं फिरवायच्या भानगडीत पडूच नका, ते त्या एका विंडोजला धरून बसतात.

मग जुन्या हार्ड डिस्कचं काय? ती आता माळा. जे गेम सध्या खेळत नाही पण परत उतरवायचा कंटाळा आहे ते सगळे तिच्यावर, खेळायचा झाला की स्टीमच्या मूव्हनं एसएसडीवर, १०० जीबीला पंधरा-वीस मिनिटं लागतात, डाउनलोडपेक्षा कैक पटीनं बरं. आणि जुने किंवा छोटे गेम तिच्यावरूनच खेळतो, स्टारड्यू व्हॅली, हॉलो नाइट, एज ऑफ एम्पायर्स २, यांना काही फरक पडत नाही, सुरुवातीला थोडं थांबलं की झालं.

ऑनलाइन १६ टीबीची एक्स्टर्नल एसएसडी हजार-दोन हजारात दिसली तर बोट मागं घ्या. आत मेमरी कार्ड चिकटवलेलं असतं, विंडोजला खोटा आकडा दाखवतं, आणि खरी जागा संपली की पुढची प्रत्येक फाइल मातीत. एच२टेस्टडब्ल्यू नावाचं जुनं टूल आहे, ते ड्राइव्ह पूर्ण भरून परत वाचून बघतं, नवीन काहीही घेतलं की परत करायची मुदत आहे तोवर चालवून घ्या.

पाचपैकी साडेचार देतो. अर्धा कापला तो डबीसोबतच्या केबलचा, आणि डबीवरच्या निळ्या लाइटचा, रात्री खोलीत अंधार करून खेळताना डोळ्यात जातो, काळी टेप लावलीय.

पीएस५ वाल्यांनी हे वाचून लगेच ऑर्डर टाकू नका. पीएस५ चे गेम यूएसबी ड्राइव्हवर फक्त ठेवता येतात, तिथून खेळता येत नाहीत, खेळायला कन्सोलची आतली मेमरी नाहीतर आतला एम.२ स्लॉटच. पीएस४ चे गेम मात्र पीएस५ वर सुद्धा यूएसबीवरून चालतात, त्यासाठी ड्राइव्ह किमान २५० जीबी आणि जास्तीत जास्त ८ टीबीची पाहिजे. एक्सबॉक्स सीरिज एक्स आणि एस ची पण तीच गत, जुने गेम यूएसबीवर, नवे आतल्या मेमरीत नाहीतर त्यांच्या त्या महागड्या कार्डावर.